कौलाचा शॉट

३ फेब्रुवारी, मंगळवार. पेडणे

सकाळपासून सबटायटल. पाठ कामातून गेली. फिल्म संपली असं आईला गेल्या आठवड्यात सांगून टाकलं होतं. ती म्हणाली, "सोंपली मगे? मग आता मेजार जेवूक जागो कर." मेज अजून तसंच. दोन मॉनिटर आणि वायरींचं जंजाळ.

महोत्सवाला वीस मार्चपर्यंत फाइल हवी. परदेशातला महोत्सव. तीन वर्षं लग्नं, बारशी, चवथीचे देखावे शूट करता करता उरल्या वेळात केलेली फिल्म. लेखन, कॅमेरा, आवाज, एडिट, आता सबटायटल, सगळीकडे एकच नाव. लोक म्हणतात अष्टपैलू बाई. अष्टपैलू कसली डोंबलाची! कुणावर विश्वास नाही, म्हणून सगळं मीच. मुंबईत ज्याला भाऊ मानलं त्याने माझ्या पहिल्या शॉर्ट फिल्मवर स्वतःचं नाव घातलं. तेव्हापासून दुसऱ्या कुणाला माझ्या एडिटकडे फिरकू देत नाही. एक हार्डडिस्क कपाटात, मूळ फुटेजची बँकेत, एक तांदळाच्या पिंपात. आई म्हणते, "एक दीस पिच्चर शिजतलो तुजो."

आज कौलाच्या सीनपर्यंत पोचले. भिकाकाका (यापुढे भि.का.) बाहेर येऊन म्हणतात, "उजवी दिली." खाली इंग्रजीत तसं लिहिलं. मग मागचा शॉट परत बघितला, आणि

पाकळी डावी पडते.


४ फेब्रुवारी, बुधवार

चाळीस वेळा तरी बघितलं. फ्रेम फ्रेम करून. देवाची उजवी म्हणजे बघणाऱ्याची डावी, हे धरूनच बघितलं. डावीच.

नीट लिहून काढते, डोकं ताळ्यावर येईल.

गाव डिचोली तालुक्यातलं, सर्वणच्या पुढे. नाव वहीतसुद्धा लिहीत नाही. गावाला एक झर, बारमाही, तिच्यावर बागायती. झरीच्या डोक्यावरची जमीन देवाची. खाण परत सुरू व्हायची आहे, ट्रकांना त्या जमिनीतून वाट पाहिजे. अर्धा गाव हो, अर्धा नको. डिसेंबरात ठरलं, कौल लावून देवालाच विचारायचं. भटाने देवाच्या दोन्ही खांद्यांवर पाकळ्या लावल्या. भि.का. गावकार, गाऱ्हाणं त्यांच्या घराण्याने घालायचं. त्यांनी घातलं : वाट द्यावी तर उजवी दे, देऊ नये तर डावी दे. गाभारा अंधारा, दार एवढंसं. आत भट, दारात भि.का., त्यांच्या खांद्यावरून माझा कॅमेरा. मंडपातल्या माणसांना नुसत्या आमच्या पाठी. पाकळी पडली ती दोघांनी बघितली. मी बघितली नाही. म्हणजे पडताना बघितली, पण माझा जीव फोकसमध्ये. कोणत्या बाजूची, ते भि.का. बोलले तेच धरलं.

तीन वर्षं हा माणूस मला झरीवर नेऊन सांगत आला, "बाय, वाट आयली काय झर गेली." माझी अख्खी फिल्म त्यांच्यावर उभी आहे. आणि कौलाच्या दिवशी एका शब्दाची खळखळ न करता "देवान दिली" म्हणून मोकळे. तेव्हा मला वाटलं, काय ही श्रद्धा! मी बावळट.

त्यांच्या मुलाचा, सुदेशचा, ट्रक आहे. गणपतीत दुसरा आला.


६ फेब्रुवारी, शुक्रवार

गावात जाऊन आले. कारण सांगितलं, झरीचा आवाज परत घ्यायचाय. भि.का. माझ्याबरोबर खाली आले. बहात्तर वर्षांचा माणूस, अनवाणी, माझा स्टँड खांद्यावर. मी हेडफोन लावून त्यांच्याकडे बघत होते. कुठे नजर चुकवतात का.

मी विचारलं, "काका, त्या दिवशी वाईट नाही वाटलं?"

"वायट कित्यां? इचारलां आमी. मागीर देवान दिल्ल्यार घेवक जाय मगे."

"पण तुम्हाला तर वाट नको होती."

"म्हाका नको. देवान म्हाका थोडोच इचारलो?"

हसले. आधी हे हसणं मला निर्मळ वाटायचं. आज प्रत्येक दात मोजला. परत निघताना शहाळं, फणसाच्या कुयऱ्या, असं काय काय पिशवीत घातलं. एवढं का देतात? आधीही देत होते म्हणा.


७ फेब्रुवारी, शनिवार

डिचोलीच्या बाजारात भट भेटला. तरुण आहे, दोन वर्षांपूर्वी फोंड्याकडून आलेला. सहज विचारावं तसं विचारलं, "त्या दिवशी कौलाला वेळ बराच लागला, नाही?"

"लागला. पण कौल स्वच्छ दिला देवाने."

"उजवा."

"उजवाच. तुमच्या कॅमेऱ्यात असेलच की."

पापणी हलली नाही. म्हणजे एक तर पक्का आहे, नाही तर दोघं मिळालेले आहेत. केळी घेतली, भटानेच ती उचलून हातात दिली, सुटे पैसे परत घ्यायला विसरले, इतकी मी संतापले होते.


१० फेब्रुवारी, मंगळवार

शुभदाबाईंना सांगितलं. गावातल्या शाळेत शिकवतात, वाटेविरुद्ध पहिल्यापासून उभ्या त्याच. फोनवर म्हणाल्या, "मंगल, पाठव म्हाका. कोणाक दाखवची नाय."

आईला सकाळीच बोलले होते. ती म्हणाली, "गावकाराक खोटो म्हणतंस? आदीं त्येका इचार." विचारून काय होणार? चोर कबूल करतो?

आठ सेकंद कापून पाठवले. फक्त देव, पाकळ्या आणि कडेला भटाची बोटं. वर लिहिलं, फक्त तुम्हाला.


१२ फेब्रुवारी, गुरुवार

सकाळी पाव घेऊन पोदेर आला. उंडे मोजता मोजता मला म्हणतो, "ताय, तो देवाचो व्हिडिओ बघलां? पाकळी डावी पडता आनी सांगतात उजवी!"

पेडण्यात, माझ्याच दारात, पोदेराच्या फोनवर माझे आठ सेकंद.

शुभदाबाईंना फोन केला. "मी एकाच माणसाला दाखवला," म्हणतात. त्या एका माणसाचं नाव काही सांगत नाहीत.


१७ फेब्रुवारी, मंगळवार

देवळात बैठक. मंडप भरून माणसं उन्हात. मी कॅमेरा घेऊन गेले. जावं की नाही हा प्रश्न मनात आला होता, पण फिल्मचा शेवट समोर घडतोय आणि घरी कोण बसणार? हे लिहिताना लाज वाटते. तरी गेले.

भट फोंड्याला गेलेला, फोन बंद. भि.का. मधोमध बसले. समितीचे अध्यक्ष त्यांचे चुलतभाऊच, त्यांनी फोन पुढे केला. "भिका, बघ आनी सांग."

भि.का.नी चष्मा लावला. बघितलं. परत लावायला सांगितलं. तिसऱ्यांदा फोन स्वतःच्या हातात घेतला, अगदी डोळ्यांजवळ नेला. मी झूम करून त्यांच्या तोंडावर होते. मला वाटलं आता फुटतील. मग मान वर केली आणि थेट माझ्याकडे बघितलं, म्हणजे लेन्सकडे. किती वेळ, ते फुटेजमध्ये मोजता येईल, मला मोजायचं नाही.

"सांग मगे!" मागून कोणीतरी ओरडलं. "मंगलचो व्हिडिओ खोटो काय तू खोटो?" भि.का.नी तोंड उघडलं, तेवढ्यात दुसरा कोणी, "वाट बंद!"

भि.का. काही बोलले नाहीत. हो नाही, ना नाही. उठले, देवाला नमस्कार केला, चपला न घालताच पायऱ्या उतरून गेले. ठरलं : वाट बंद. आणि यापुढे गाऱ्हाणं त्यांनी घालायचं नाही. पिढ्यान् पिढ्यांचा मान, चहा गार होतो तेवढ्यात गेला.

शुभदाबाईंनी मला मिठी मारली. "तुज्यामुळें झर वाचली गो!" बायका रडत होत्या. मला आनंद झाला. झाला म्हणजे झाला. खोटं कशाला लिहू?


१९ फेब्रुवारी, गुरुवार

म्हापशाला लग्न. नवरीचा मामा सारखा कॅमेऱ्यापुढे. बॅटरी एक गेली.

परत येताना धारगळला चहाला थांबले तर समोर सुदेश. मला वाटलं आता शिव्या घालणार. आजूबाजूला माणसं किती आहेत ते बघून घेतलं. तो येऊन बाकावर बसला.

"मंगलताय, तुमची चूक नाय. तुमी बघलां तां दाखयलां."

मी माझा चहा त्याच्याकडे सरकवला.

"बापायक इचारलंय. तोंड उगडिना. आता कळ्ळां म्हाका. म्हजे हप्ते आसत म्हणान केलां तेणें. म्हज्या खातीर देवाफुडें खोटां बोललो." त्याचे डोळे भरले. "मी कधी सांगूक नाय गो तेका. शपथ."

एक ट्रक विकायला काढलाय म्हणाला. दुसरा सावंतवाडीच्या बाजूला चिरे वाहायला लावणार, गावात तोंड दाखवायला नको.

म्हणजे मुलाने सांगितलं नव्हतं. मग खाणवाल्यांनी दिलं असेल. का सुदेशच नाटकी? रडणारी माणसं मी लग्नात इतकी बघितलीत, कोण खरं ते ओळखता यायला पाहिजे मला.


२२ फेब्रुवारी, रविवार

आजच लिहायला हवं.

दुपारी आई म्हणाली, तीन वर्षं डोकं खाल्लंस, आता मला दाखव तरी तो पिच्चर. मोठ्या मॉनिटरवर लावला. खिडक्या बंद केल्या. ती खुर्चीवर पाय वर घेऊन बसली, सुपारी कातरत. झर बघून "बरी आसा" म्हणाली. भि.का. बघून "शाणो माणूस दिसता" म्हणाली, तेव्हा मी हसले. मग कौल आला. पूर्ण शॉट, आठ सेकंदांचा तुकडा नव्हे. भट उघड्या अंगाने देवाजवळ वाकलेला.

आई अडकित्ता थांबवून म्हणाली, "अगो, ह्या भटाक अक्कल आसा काय नाय? जानवां उजव्या खांद्यार! कौल लायता काय श्राद्ध घालता?"

"काय?"

"बघ मगे. अपसव्य. पितरांच्या कामाक तशें घालतत. देवाफुडें कोण घालता?"

मी म्हटलं, चुकून सरकलं असेल. "जानवां सरकता काय खांदो बदलून?" आणि मग मला दिसलं, भट पाकळी लावतोय ती डाव्या हाताने.

भट डावरा नाही. डिचोलीच्या बाजारात त्याने मला केळी उजव्या हाताने उचलून दिली होती.

शॉट उलटा आहे. आरशातल्यासारखा. उलटा मी केला.

आईने विचारलं, "कितां जालां गो? घाम कित्याक फुटलो?"


२३ फेब्रुवारी, सोमवार

बँकेतून मूळ डिस्क आणली. मूळ शॉट बघितला. जानवं डाव्या खांद्यावर, हात उजवा, पाकळी उजवी. स्वच्छ. भट म्हणाला होता तसा.

आता आठवतंय. जानेवारीत कौलाचा सीन लावला तेव्हा अक्ष चुकत होता. मंडपातली माणसं मी एका बाजूने घेतलेली, गर्दीमुळे देव दुसऱ्या बाजूने घ्यावा लागला. पडद्यावर माणसंही उजवीकडे बघतात, देवही उजवीकडे. देव गावाकडे पाठ करून बसल्यासारखा. शॉट आडवा उलटा केला की समोरासमोर येतात. एक बटण. लग्नात शंभर वेळा केलंय, नवरानवरी एकमेकांकडे बघत नसली की उलटं करायचं, कुणाला कळत नाही. मंगळसूत्र काय, दोन्हीकडून सारखंच. केलं, पुढच्या शॉटवर गेले, आणि विसरले.

कौलात उजवं डावं हेच तर सगळं. पेडण्यात जन्मलेली बाई मी, माझ्या लक्षात येऊ नये?

शेजारी दुसरा एडिटर असता तर पहिल्याच दिवशी म्हणाला असता, अहो बाई, हे काय केलंत. पण मला कुणी नको होतं. चोरतील ना!

आणि एक. खरंच विसरले होते का? तीन फेब्रुवारीला डावी दिसल्यावर वीस दिवसांत एकदाही मूळ फुटेज उघडून बघितलं नाही. बघण्यासारखी गोष्ट तीच होती. त्या म्हाताऱ्याचे दात मोजायला गावात गेले, भटाच्या पापण्या बघितल्या. डिस्क मात्र बँकेत तशीच पडून. डावी मला हवी होती. मला वाट नको होती, म्हणून डावी हवी होती. माझाच मला संशय येतोय आता, आणि तो फिटत नाही.


२५ फेब्रुवारी, बुधवार

शुभदाबाईंकडे गेले. सगळं सांगितलं. त्यांनी दार लावून घेतलं.

"कोणाक सांगलंस?"

"आईला माहीत आहे."

"आवयक सांग गप रवाक."

मी म्हटलं, बाई, तो माणूस खरं बोलला होता. स्वतःला नको ते खरं बोलला होता.

"म्हाका म्हायत आसा तो बरो माणूस. पूण मंगल, तू उद्यां सांगलंस, परवां थंय बुलडोजर येतलो. झर गेली म्हणजे परत येता काय? भिकाकाकांचो मान काय, वर्सान परत दिवंक येता." मग माझा हात धरून म्हणाल्या, "देवाचीच इच्छा आसतली, तुज्या हातान जाली."

हे ऐकायला किती बरं वाटलं! म्हणूनच ते संशयास्पद आहे. गाडीत बसून ढसाढसा रडले. चोवीस वर्षांची असल्यापासून कॅमेऱ्यामागे आहे, माणसांना रडताना शूट करत आले, स्वतः अशी कधी रडले नव्हते.


१ मार्च, रविवार

अध्यक्षांचा फोन. भट फोंड्याहून परत आलाय, देवावर हात ठेवून सांगतो, उजवीच होती. ट्रकवाले उसळलेत. दोन्ही बाजूंचं एका गोष्टीवर मात्र एकमत झालंय : सोमवारी नऊ तारखेला परत कौल. आणि या खेपेला मंडपात मोठा पडदा लावायचा, आत कॅमेरा, पाकळी पडताना सगळ्या गावाने एकदम बघायची.

"तुमीच येवचां, बाय. तुमचेर सगळ्यांचो विश्वास आसा."

मी म्हटलं, बघते, कळवते.

"बघूचां कितां? कॅमेऱ्याक कोण खोटो म्हणूक शकता?"


५ मार्च, गुरुवार

शिगम्याचे ढोल चालू. दुसऱ्या गावाचा मेळ रस्त्यावर, म्हणून गाडी बाहेर ठेवून चालत भि.का.च्या घरी गेले. घरापुढच्या बाल्कांवात बसून सुपाऱ्या सोलत होते. "ये बाय," म्हणाले, जसं काही झालंच नाही. पाणी दिलं, गूळ दिला.

उभी राहूनच सांगितलं. शॉट कसा उलटा केला, का केला, कधी कळलं. माफी मागायला वाकले तर पाय मागे घेतले त्यांनी.

"म्हाका म्हायत आसा," म्हणाले.

"सुदेशने..?"

"सुदेशाक कितां म्हायत? देवळांत फोन दाखयलो तेन्नाच वळाखलंय. सत्तर वर्सां त्या तोंडाक बघतंय, बाय. डाव्या डोळ्याकडे फातर खरवडलेलो आसा, म्हज्या आज्याच्या वेळेसावन. तो व्हिडिओंत उजवेकडे आयलो. तो आमचो देव न्हय, आरशांतलो."

म्हणजे ते लेन्सकडे बघणं. ते माझ्याकडेच होतं.

"मग बोलला का नाहीत? सगळ्या गावासमोर तुम्हाला खोटं ठरवलं!"

सुपारी सोलत राहिले. मग हळू म्हणाले, "बोलूक उगडलां तोंड. इतल्यांत कोण तरी म्हणालो, वाट बंद. तोंड धांपलंय." सोललेली सुपारी बाजूला ठेवली. "पयल्या खेपेक देवान दिलां तशें खरां सांगलां. थंय चुकूक नाय. दुसऱ्या खेपेक देवाक कोणें इचारूक नाय, गावान सोता ठरयलां. मी गप रवलंय. आता तेंय पाप म्हजेर आसा, म्हाका कळटा. न्हीद येना."

"आणि सुदेश? त्याला वाटतंय तुम्ही त्याच्यासाठी.."

इथे मात्र त्यांचा हात थांबला. "तां म्हाका म्हायत नासलां," म्हणाले. मी धारगळच्या बाकावरचं सगळं सांगितलं. ट्रक विकायला काढल्याचंही.

निघताना मी विचारलं, काय करू? अगदी लहान पोरीसारखं विचारलं.

"तां तू बघ. सांग नाय तर सांगू नको, मी तुका भीड घालचंय नाय. पूण बाय, त्या तुज्या पिच्चरांत म्हजो देव सुलटो कर. भायल्या देशांतल्या लोकांक उलटो देव दाखवू नको."


७ मार्च, शनिवार

शॉट सुलटा केला. एक बटण. बघवत नाही, अक्ष मोडतो. कुठल्याही परीक्षकाला खटकेल. असू दे. सबटायटल न बदलता बरोबर झालं.

फाइल पाठवली नाही. वीस तारखेपर्यंत वेळ आहे. पाठवली की महोत्सवाची जाहिरात येणार, फिल्म कधी ना कधी गावात पोचणारच. शुभदाबाईंचे सात मेसेज. शेवटचा : झरीवर पोरांना पोहायला नेलं होतं, सोबत फोटो. फोटो मुद्दाम पाठवला हे कळतं. तरी तासभर बघत बसले. पाणी असं निवळशंख की तळाचे खडे मोजावेत.

आईला विचारलं, तू असतीस तर? म्हणाली, "मी उलटां केलांच नसतां." मग थोड्या वेळाने, "जेव आदीं."


९ मार्च, सोमवार. देऊळ, सकाळी

गाभाऱ्याबाहेर, वायरींच्या पेटीवर बसून लिहितेय. वीस मिनिटं आहेत.

सामान न्यायला सुदेश आला. अध्यक्षांनी पाठवलेला, मोठा पडदा माझ्या गाडीत मावत नव्हता. म्हणाला, विकायच्या आधी ट्रकची शेवटची देवळापर्यंतची खेप. बापाशी बोलला का, विचारलं. नाही. तीन आठवडे एका घरात, जेवण वाढलं की उठून जातात एकमेकांच्या पुढून.

साखळीच्या वळणावर त्याने गाडी हळू केली. "ताय, एक इचारू? तुमी कॅमेऱ्यांतसून बघलां. पाकळी डावीच पडली मगे?"

माझ्या खिशात मूळ शॉटचं कार्ड होतं. बोलणं अगदी ओठावर आलं. पण त्याला एकट्याला सांगितलं तर ते परत एका माणसाला सांगितल्यासारखं झालं असतं, आठ सेकंदांसारखं. म्हटलं, "देवळात सांगते, सुदेश. सगळ्यांसमोर." त्याने माझ्याकडे बघितलं, रस्त्याकडे बघितलं.

आता पडदा लागलाय. मंडप भरलाय, बाहेर चिऱ्यांच्या भिंतीवरसुद्धा माणसं. भट आत फुलं निवडतोय, माझ्याकडे ढुंकून बघत नाही. पुढच्या रांगेत शुभदाबाई. माझी नजर गेली की हळूच मान हलवतात. नको. त्यांच्या मांडीवर शाळेतल्या पोरांनी झरीची काढलेली चित्रं आहेत, देवापुढे ठेवायला आणली असणार. भि.का. मंडपात नाहीत. पायरीच्या खाली, चपलांच्या बाजूला बसलेत. तिथून पडदा दिसत नाही. सुदेश वायर ओढत त्यांच्या अंगावरून दोनदा गेला, दोघांनी एकमेकांकडे बघितलं नाही.

कार्ड लॅपटॉपमध्ये घातलंय. कळ दाबली की कौलाआधी मोठ्या पडद्यावर तो शॉट. जानवं डाव्या खांद्यावर. दाबली नाही तर समोर नुसता निळा पडदा, आणि गाऱ्हाणं सुरू.

माझ्यावर कुणीही संशय घेत नाहीये. सगळे किती विश्वासाने बघतायत!

अध्यक्ष माईक घेऊन आलेत. "बाय, चलता काय बघ. चार उतरां उलय, आवाज फाटल्यान वता काय कळूं दे."

फाटल्यान म्हणजे मागे, पायरीपर्यंत, भि.का. बसलेत तिथपर्यंत. उठते.